जुना वेग

आमच्या कंपनीत सगळी भांडणं 'चालतो' या एका शब्दावरून होतात. जुना गेम नव्या यंत्रात घातला आणि तो सुरू झाला, की बाकीच्यांच्या मते तो चालतो. माझ्या मते नाही. सुरू होणं वेगळं आणि चालणं वेगळं. तसं तर बंद पडलेली गाडीही धक्का मारल्यावर चालते. पण हे तोंडावर सांगणारी मी एकटी, म्हणून मी सगळ्यांच्या डोळ्यांत खुपते. खुपू दे.

माझं काम आधी सांगते, म्हणजे पुढचं कळेल. नवं कन्सोल बाजारात यायच्या आधी मागच्या पिढ्यांचे गेम त्यावर नीट खेळता येतात की नाही, हे आम्ही तपासतो. लांबट खोली, खिडक्यांना काळा कागद, आणि टेबलांवर टीव्हींच्या जोड्या. डावीकडच्या टीव्हीला जुनं यंत्र, उजवीकडच्याला नवं. तोच गेम आधी इकडे खेळायचा, मग तिकडे. रंग तेच आहेत का, आवाज मागे पडतो का, मधेच सगळं गोठतं का. नीट चाललं तर हिरवा शेरा, खोट असली तर पिवळा, आणि अजिबातच नाही चाललं तर लाल. पिवळा लागला की खोट काढल्याशिवाय गेम पुढे सरकत नाही. नातेवाईक विचारतात, "म्हणजे तू दिवसभर गेम खेळतेस आणि वर पगार घेतेस?" त्यांना म्हणावं, एकच दरवाजा सकाळपासून संध्याकाळपर्यंत उघडून-लावून बघा आणि मग या बोलायला.

आता दादाचं सांगते. दादा माझा मोठा भाऊ. तो कवळ्या बनवायचा. दाताच्या डॉक्टरांकडून लोकांच्या जबड्यांचे ठसे यायचे आणि हा खोलीत बसून मेणात एकेक दात बसवायचा. त्याच्या हातची कवळी घातलेली माणसं बिनधास्त हसायची. मग त्याच्या हातांच्या नसांनीच दगा दिला. आधी बोटं थरथरायला लागली, मग मंदावली. डोकं लख्ख, डोळे लख्ख, पण डोक्यातून निघालेला हुकूम बोटापर्यंत पोचेस्तोवर उशीर झालेला असतो. डॉक्टर म्हणाले, यापुढे हे असंच राहील किंवा याहून थोडं वाईट. वहिनी चार दिवस म्हणून माहेरी गेली ती तिकडचीच झाली. मी एकटीच राहत होते. दादा त्याचे कपडे, औषधं आणि जुनं कन्सोल घेऊन माझ्याकडे आला.

ते कन्सोल तो कवळ्यांच्या कामाला लागला तेव्हा त्याने घेतलेलं. गेम बरेच होते, पण खेळायचा एकच. घरात आम्ही त्याला 'ठिणग्या' म्हणतो. तुमचं एक छोटं विमान असतं, ते एका प्रचंड कारखान्यातून उडत जातं, आणि शेवटी येते भट्टी. ही भट्टी ठिणग्या ओकते. एवढ्या ओकते की पडद्यावर पाय ठेवायला जागा राहत नाही. त्या ठिणग्यांच्या मधल्या फटींतून विमान काढायचं. शेवटपर्यंत निसटलात तर भट्टी विझते, एक ठिणगी लागली की संपलं.

पण गंमत अशी की एवढ्या ठिणग्या जुन्या यंत्राला झेपत नसत. भट्टी पेटली की त्याला धाप लागायची. सगळा खेळच मंद व्हायचा. ठिणग्या तरंगत तरंगत यायच्या, विमान तरंगत सरकायचं, संगीतसुद्धा जरा रेंगाळायचं. चांगल्या हातांच्या माणसाला याचा वैताग येई. दादाला मात्र तेवढाच वेळ लागायचा. त्याचा हुकूम बोटापर्यंत पोचायचा आणि ठिणगी अजून वाटेत असायची.

"हे आणि मी एका दमाचे आहोत," तो म्हणायचा.

त्याच्या शर्टाची बटणं मी लावते. त्याचं ताट मी वाढते, चहाचा कप अर्धाच भरते. दाढी करायला एक माणूस घरी येतो. या सगळ्याला दादा कधी कुरकुरला नाही. पण दुपारी एकदा ठिणग्या लावायचा, भट्टी विझवायचा, आणि मग त्याचा चेहरा बघावा. एकदा मी चिडवलं, "रोज तेच तेच विझवून कंटाळा नाही येत रे?" तो म्हणाला, "चिमे, दिवसभरात माझ्या हातून पुरं होतं असं हे एवढंच आहे गं."

त्यानंतर मी कधी चिडवलं नाही.

पुढे यंत्र म्हातारं झालं. गेमची तबकडी वाचणारं भिंग अधू झालं. आधी ते उलटं ठेवलं की वाचायचं, मग तिरकं ठेवलं की, मग वरून हलकी थाप मारली की. दुरुस्तीवाल्याने ते उघडून पुसलं आणि हात झटकले. "ताई, हे भिंग आता कुठेच मिळत नाही. दुसऱ्या मेलेल्या यंत्रातलं काढून बसवायचं, तर तेही याच वयाचं. चालेल तोवर चालवा."

म्हणून आमच्या नव्या कन्सोलवर घ्यायच्या गेममध्ये ठिणग्यांचं नाव दिसलं तेव्हा माझा जीव भांड्यात पडला. घरी येऊन मी दादाला सांगितलं, "आता तुझं ते खोकं मेलं तरी चालेल." त्याने खोक्यावर हात ठेवला आणि म्हणाला, "असं तोंडावर नको बोलूस त्याच्या."

आठवड्याच्या आतच आमच्या पोरांनी ठिणग्यांना हिरवा शेरा दिला. "लोण्यासारखा चालतो, ताई!" मी उजवीकडच्या टीव्हीसमोर बसले. रंग बरोबर, आवाज बरोबर. भट्टी आली, ठिणग्या उडाल्या. धाप नव्हती. नव्या यंत्राला त्या ठिणग्या म्हणजे किस झाड की पत्ती! सगळा खेळ सरसर सरसर, सुरुवातीला होता त्याच वेगाने. आणि माझ्या खोलीतल्या एकालाही ते जाणवलं नव्हतं, कारण दिवसभर हेच करणारी ती माणसं. त्यांचे हात न सांगता वेग पकडतात. माझेही पकडतातच. मी भट्टी पहिल्याच फटक्यात विझवली आणि खाली पिवळा शेरा मारला.

झालं! लगेच वरून बोलावणं.

जुने गेम नव्या यंत्रावर चालवणारी सगळी व्यवस्था ज्याने लिहिली त्याला आम्ही 'शहाणा' म्हणतो. तोंडावर नाही. पोरगा खरंच हुशार, फक्त जग आपल्यानंतर सुरू झालं असा त्याचा समज आहे. तो म्हणाला, "ताई, ती मंदगती म्हणजे जुन्या यंत्राची दुबळी बाजू होती. गेम बनवणाऱ्यांना थोडीच ती हवी होती? आपण ती चूक दुरुस्त केली."

"तुला कुणी सांगितली होती दुरुस्त करायला? आपण जुना गेम देतोय की नवा?"

"लोक वेगवान झालं म्हणून कधी तक्रार करत नाहीत."

"ज्यांचे हात वेगवान आहेत ते नाही करत."

साहेब मधे पडले. आमचे साहेब वाईट नाहीत, हाच तर त्रास आहे. वाईट माणसाला शिव्या तरी देता येतात. ते शांतपणे म्हणाले, "तुम्हाला नेमकं काय हवंय?"

मला एक साधा खटका हवा होता. गेम सुरू करताना विचारायचं, 'नवा वेग की जुना वेग?' ज्याला लोणी हवं त्याने लोणी घ्यावं. शहाण्याने नाक मुरडलं, पण नाही म्हणाला नाही. उलट आठवड्याभरात त्याने तो खटका करूनही दाखवला. मला माझ्या डोळ्यांवर विश्वास बसेना. नव्या यंत्रावर भट्टी पेटली आणि जुन्यासारखीच, अगदी तश्शीच धाप लागली. मी त्याच्या पाठीवर थाप मारली. तेवढ्यापुरता तो मला आवडला.

पण नुसता खटका करून भागत नाही. तो ठेवायचा म्हणजे तपासणी पुन्हा, आणि एका गेमला ठेवला की बाकीच्यांनाही ठेवा म्हणून रांग लागणार. साहेब म्हणाले, "एका पिवळ्या शेऱ्यासाठी मला वर कारण द्यावं लागेल. ज्याला हा नवा वेग खरोखर झेपत नाही असा एक माणूस मला दाखवा. आपल्या खोलीत, सगळ्यांसमोर. त्याला जमलं नाही, की खटका राहिला. माझा शब्द."

मी म्हटलं, "उद्या आणते."

घरी दादाला सांगितलं, तर तो म्हणाला, "म्हणजे मला नमुना म्हणून नेणार."

"नमुना कसला रे? तू फक्त खेळायचं. जसं जमतं तसं."

"म्हणजे हरायचं."

"दादा, एका दिवसाचा प्रश्न आहे. जा, खेळ, हर, आणि घरी ये. जन्मभराची सोय होईल."

"आणि जिंकलो तर?"

मला हसू आलं. "अरे, मी पाहिलाय तो वेग. तू हरशीलच."

तो म्हणाला, "तो निळा शर्ट इस्त्री कर."

दुसऱ्या दिवशी मी त्याला लवकरच नेलं. खोलीत अजून कुणी आलं नव्हतं. उजवीकडच्या टीव्हीसमोर बसवलं आणि म्हटलं, हात बसव. तो खेळला आणि भट्टीशी पोचताक्षणी मेला. पुन्हा खेळला, पुन्हा मेला. प्रत्येक वेळी ठिणगी येऊन लागायची आणि मग त्याचा अंगठा हलायचा. मी शेजारी उभी राहून बघत होते, आणि खोटं कशाला बोलू, मला हायसं वाटत होतं. चला, काम होणार. तो मेला की म्हणायचा, "पुन्हा लाव." मी लावायची. मला वाटलं बिचारा हरतोय. तो ठिणग्यांची वाट पाठ करत होता. जबड्याचा ठसा नुसता बघून कुठला दात आधी झिजणार हे सांगणारा माणूस तो. माझ्या लक्षात यायला हवं होतं, पण नाही आलं.

मग माणसं जमली. साहेब आले, शहाणा आला, माझ्या खोलीतली पोरं मागे भिंतीला टेकून उभी राहिली. कुणी बोलावलं नसताना विक्री विभागाच्या बाई आल्या, सोबत दोघं-तिघं घेऊन. टेबलावरचा कॅमेरा नेहमीप्रमाणे सुरू केला. खेळणाऱ्याचे हात आणि पडदा आम्ही कायमच टिपतो, त्यात विशेष काही नाही.

साहेबांनी ओळख करून दिली. त्यांना शब्द सापडेना. "हे आपले... म्हणजे, अशा प्रकारच्या खेळणाऱ्यांचे प्रतिनिधी."

शहाणा दादाच्या खुर्चीपाशी उकिडवा बसला, त्याच्या तोंडाशी तोंड नेलं आणि मोठ्ठ्या आवाजात, एकेक शब्द तोडत म्हणाला, "काका! हे बटण! डावीकडे! जायला!"

दादाच्या कानांना काही झालेलं नाही. आणि तो काही काका नव्हे, त्याच्या देखण्या चेहऱ्यावर अजून एकही सुरकुती नाही. विक्रीच्या बाई मागून म्हणाल्या, "अगं बाई, किती गोड!"

माझ्या तळपायाची आग मस्तकाला गेली. तोंड उघडणार तोच दादाने माझ्याकडे पाहिलं. हसला. ते हसू मी ओळखते. लहानपणी मोठी मुलं मला मैदानातून हाकलायची तेव्हा तो असाच हसून पुढे व्हायचा. मी मनात म्हटलं, अरे देवा, नको.

त्याने गेम सुरू केला. कारखाना पार केला. भट्टी पेटली. ठिणग्यांनी पडदा भरला, सरसर सरसर, धाप नाही, उसंत नाही. आणि दादाचा अंगठा ठिणगी यायच्या आधीच हलायला लागला. तो ठिणग्या बघतच नव्हता. सकाळभर मरून मरून त्याने त्यांची वाट गिळली होती, आणि आता जिथे ठिणगी येणार तिथून तो ती निघायच्या आधीच उठत होता. त्याच्या कपाळावरून घाम ओघळत होता. डावा हात इतका थरथरत होता की कोपर टेबलावर खटखट वाजत होतं. दोनदा विमान ठिणगीपासून केसाच्या अंतरावरून निसटलं, ते निव्वळ नशीब. मी त्या क्षणी काय मागत होते सांगू? लाग, मेले, लाग एकदाची. माझ्या सख्ख्या भावासाठी मी ठिणगी मागत होते.

भट्टी विझली.

काय टाळ्या पडल्या म्हणता! भिंतीला टेकलेली पोरं शिट्ट्या मारायला लागली. विक्रीच्या बाईंनी डोळे पुसले. साहेबांचेही डोळे ओले झाले, ते खरंच तसे आहेत. त्यांनी दादाचा हात हातात घेतला आणि माझ्याकडे वळून म्हणाले, "ताई, अहो, हा तर हिरवा आहे!"

"साहेब, पुन्हा एकदा खेळायला सांगा," मी म्हटलं. "आत्ताच्या आत्ता. पुन्हा जमलं तर मी स्वतः हिरवा देते."

सगळे माझ्याकडे वळून बघायला लागले. विक्रीच्या बाई म्हणाल्या, "अहो, काय हो तुम्ही! सख्ख्या भावाचं थोडं तरी कौतुक करा!"

दादाचा उजवा हात टेबलाखाली होता. मला तिथून दिसत होता. बोटं आकडीसारखी आत वळली होती आणि डाव्या हाताने तो ती उघडायला बघत होता. मी तो हात नुसता वर उचलून दाखवला असता तरी काम झालं असतं. त्याला ते कळलं. त्याने माझ्याकडे असं पाहिलं की मी जागची हलले नाही.

"पुन्हा कशाला?" तो साहेबांना म्हणाला. "झालं की. चांगलं चालतंय तुमचं यंत्र."

घराचं दार लागलं आणि मी फुटले.

"एकदा हरला असतास तर काय बिघडलं असतं तुझं? एकदा! तुझ्यासाठी नाक घासत फिरले मी तिथे. खटका तयार होता, तयार! डोळ्यांनी बघितलाय मी. फक्त तू हरायचं होतंस, आणि तेही काही वेगळं करून नाही, जसा सकाळी हरत होतास तसा! कुणाला दाखवायचं होतं? त्या शहाण्याला? उद्या तुला ओळखणारही नाही तो!"

दादा निळ्या शर्टातच पलंगावर बसला होता. बटणं मीच काढायची होती.

"एकदा?" तो म्हणाला. "मी दिवसभर काय करतो, चिमे? सकाळी उठल्यापासून हरतोच की. बटणाला हरतो, चमच्याला हरतो, दाराच्या कडीला हरतो. तू बघतेस, तुझं ठीक आहे, तू माझी आहेस. आता माणसं जमवून त्यांच्यासमोर हरू? आणि ते बरं झालं म्हणून मान हलवणार?"

"मग आता रोज काय करशील?"

"ते मला नको विचारूस," तो म्हणाला. "आज जमलं ना?"

मला रडू आलं आणि रागही आला, दोन्ही एकदम. मी त्याची बटणं काढली. त्याचा उजवा हात दोन दिवस उघडला नाही. मी भरवत होते आणि तो खुशीत होता. इतका खुशीत मी त्याला वहिनी गेल्यापासून बघितलं नव्हतं.

खटका काढून टाकला. वाईट हेतूने नाही. गरज नाही असं सगळ्यांसमोर दिसलं, मग विनाकारण एक जास्तीची गोष्ट कशाला ठेवायची? ठिणग्यांना हिरवा शेरा लागला. माझ्या पिवळ्याच्या जागी साहेबांनी स्वतः दिला.

त्यावर कडी म्हणजे विक्रीच्या बाईंचा फोन आला. टिपलेलं चित्रण त्यांना वापरायचं होतं. 'हे यंत्र सगळ्यांसाठी आहे' असं काहीतरी. मी सांगितलं, खबरदार. पण त्यांनी दादालाच विचारलं, आणि दादा म्हणाला, हो, वापरा की. मी त्याच्यासमोर कपाळावर हात मारून घेतला. "कळतंय का तुला ते काय करतायत?" तो म्हणाला, "माझे हात दाखवतायत. पूर्वी कुणी दाखवले होते?"

नवं कन्सोल बाजारात आलं आणि थोड्याच दिवसांत आमच्या खोक्याने मान टाकली. उलटं ठेवलं, तिरकं ठेवलं, थापा मारल्या. तबकडी फिरायचा आवाज यायचा आणि पडदा काळाच. दादा म्हणाला, "राहू दे. दमलंय ते."

कंपनीने आम्हा कामगारांना नवं यंत्र घरी दिलं होतं. मी ते जोडलं. दादाने ठिणग्या लावल्या, भट्टीशी पोचला आणि मेला. पुन्हा लावल्या, पुन्हा मेला. मला वाटलं, सकाळभर घेईल, वाट पाठ करेल, जमवेल. त्यालाही तेच वाटलं. पण त्या दिवशी त्याने जे केलं ते अंगातलं सगळं ओतून केलं होतं, आणि अंगात आता तेवढंही उरलं नव्हतं. डॉक्टर म्हणाले होतेच, याहून थोडं वाईट. आठवडे गेले. रोज दुपारी खेळायचा, रोज मरायचा. पुढे पुढे तो कारखान्यातच मरायला लागला.

मी पुन्हा शहाण्याकडे गेले. मान खाली घालून गेले, मी! म्हटलं, तो खटका परत घाल बाबा, तुझ्याकडे असेलच कुठेतरी. तो खरंच ओशाळला. "ताई, आता यंत्रं घरोघरी गेली. आता काही बदलायचं तर सगळी तपासणी नव्याने, आणि वरचे कारण विचारणार. काय सांगू? तुमच्या भावाची जाहिरात तर सगळीकडे लागलीये."

घरी आले. सुट्टीच्या आदल्या दिवसाची संध्याकाळ, बाहेर अजून उजेड होता. दादा टीव्हीसमोर बसला होता. आधी वाटलं खेळतोय. मग पाहिलं, तर ती जाहिरात. यंत्र सुरू केलं की आपोआप लागते. पडद्यावर त्याचे हात होते, भरभर चालणारे, आणि मागे टाळ्या. दादा पुढे वाकून बघत होता. जाहिरात संपली की तो गेममध्ये जायचा, मरायचा, बाहेर यायचा, आणि पुन्हा जाहिरात बघायचा.

"इथे बघ," तो म्हणाला. "भट्टी पेटायच्या आधी मी किंचित वर सरकलोय. असं का केलं असेल? तुला काही आठवतं?"

"दादा, बंद कर ते."

"नाही गं, काहीतरी युक्ती आहे यात. या माणसाला जमतं."

मी त्याच्या शेजारी बसले. त्याने बटणांचा तो खेळायचा ठोकळा माझ्या मांडीवर ठेवला. "तू खेळ. मी नीट बघतो."

मी ठरवलं, हरायचं. भट्टीशी गेले आणि विमान ठिणगीवर नेऊन घातलं. पुन्हा लावलं, पुन्हा घातलं. "बघ," मी म्हटलं, "मलाही नाही जमत. वेगच भलता आहे मेल्याचा."

"चिमे," तो म्हणाला, "खोटं मरू नकोस. मला कळतं."

मग मी खेळले. कारखाना गेला, भट्टी पेटली, पडदा भरला. माझ्या हातांना काही विचारावं लागलं नाही, त्यांचं त्यांनीच केलं. भट्टी विझली तेव्हा माझा श्वाससुद्धा चढला नव्हता.

दादा पडद्याकडे बघत होता. हात त्याने मांड्यांखाली दाबून धरले होते.

"सोपं आहे की गं," तो म्हणाला.